रडण्याचं काम

चिखलीत राहायला येऊन मला तीन वर्षं होतील. एवढ्या काळात इथल्या दहा माणसांनाही माझं नाव पाठ झालेलं नाही, तोंड मात्र सगळ्यांना पाठ आहे. सकाळी बाजार समितीच्या मागच्या रस्त्यानं फिरायला निघालो की कोणीतरी मोटारसायकल हळू करतो, निरखून बघतो आणि विचारतो, तुम्ही त्या सिनेमात मेले होते ना? पहिल्या वर्षी मी उलट विचारत असे, कोणत्या? आता विचारत नाही. मी इतक्या सिनेमांत मेलो आहे की तो नेमका कोणता, हे ठरवायला आम्हा दोघांना अर्धा तास लागतो आणि तोवर त्याची गाडी रस्त्याच्या मधोमध उभी असते.

जिथं मेलो नाही तिथं रडलो आहे. चाळीस वर्षं मी सिनेमांत जे केलं त्याला लोक चरित्र अभिनय म्हणतात. मी त्याला रडण्याचं काम म्हणतो. हिरोचा बाप, हिरोइनीचा काका, प्रामाणिक मास्तर, नोकरी गेलेला कारकून. पहिल्या अर्ध्या तासात हसायचं, मध्यंतराच्या आसपास रडायचं, आणि मग एक तर मरायचं नाही तर कथेतून गुपचूप नाहीसं व्हायचं. शेवटी शेवटी टीव्ही मालिकांत तेवढंही उरलं नाही. एका मालिकेत मी भिंतीवरचा फोटो होतो. एक दिवस बोलावलं, कोट चढवून फोटो काढला, हार घातला आणि शॉट झाल्यावर अपशकुन नको म्हणून कॅमेऱ्याकडे बघून मला हसायला लावलं. झालं माझं काम. पुढं दोन वर्षं त्या घरातली सून रोज संध्याकाळी माझ्यापुढं उदबत्ती लावून सासूची गाऱ्हाणी सांगायची. माझी बायको तेव्हा होती. ती टीव्ही बघता बघता म्हणायची, घरापेक्षा तिथं तुम्ही जास्त ऐकून घेता.

ती गेल्याला सहा वर्षं झाली. मुलगी बंगळुरूला असते, रविवारी फोन करते. बाकीचे सहा दिवस माझ्याशी बोलायला कोणी नसतं. दिवसभर बोललं नाही की संध्याकाळी घसा धरल्यासारखा होतो, म्हणून मी दिवेलागणीला जुने संवाद मोठ्यानं म्हणतो. शेजारच्या बाईंना आधी वाटलं की घरात भांडण चाललंय. मग त्यांच्या लक्षात आलं की भांडायला घरात दुसरं माणूस नाही, आणि तेव्हापासून त्या मला जिन्यात भेटल्या की जरा घाईनं खाली उतरतात.

टपरीवरचा चहावाला एकदा म्हणाला, "साहेब, एकडाव रडून दाखवा ना, पोरं पाहून राह्यले." दोन मोबाईल वर झालेही होते. मी अर्धा चहा तसाच ठेवून निघून आलो. घरी आल्यावर वाईट वाटलं. गाणाऱ्याला लोक गा म्हणतात, त्यात रागावण्यासारखं काय होतं? पण राग आला होता तो वेगळ्याच गोष्टीचा, आणि ती चहावाल्याला सांगण्यासारखी नव्हती. ज्या रडण्यानं माझं पोट भरलं, त्याच रडण्यापायी माझा सख्खा मोठा भाऊ पस्तीस वर्षं माझ्याशी बोलला नव्हता.

चिखलीत मी आलो तो त्याच्यासाठी. विचारणाऱ्याला सांगतो, मुंबईत गुदमरायला होतं, इथली हवा चांगली. उन्हाळ्यात ही हवा काय चीज आहे ते विचारणाऱ्यालाही ठाऊक असतं, पण तो भला माणूस असतो, मान हलवतो. खरी गोष्ट अशी की दादाचं गाव, म्हणजे आमचंच गाव, इथून एसटीनं पाऊण तासावर आहे, दादा एकोणऐंशीचा झाला आहे आणि मी चौऱ्याहत्तरचा. दोघांपैकी एक जण जायच्या आत त्यानं माझ्याशी एकदा बोलावं, एवढ्याकरता मी मुंबईतलं घर विकून इथं दोन खोल्या घेतल्या.

दादा सातवीनंतर शाळेत गेला नाही. मळ्यात भाजी होती, बापाला हात हवा होता, आणि दोघांपैकी एकालाच चिखलीच्या शाळेत पाठवणं घराला झेपणार होतं. कोणी जायचं हे कोणी ठरवलं ते मला ठाऊक नाही. मी गेलो. पुढं कॉलेजच्या गॅदरिंगमध्ये मी नाटकात काम केलं तेव्हा दादा सायकलवर आला होता आणि पहिल्या रांगेत बसायला लाजून दाराशी उभा राहिला होता. मी मुंबईला पळालो तेव्हा बापाला, त्याला तिकडं नोकरी लागली, असं दादानंच सांगितलं. नोकरी कसली, मी स्टुडिओच्या फाटकाशी उभा राहत होतो.

पहिल्यांदा पडद्यावर दिसलो तो हवालदार म्हणून, हिरोला सलाम ठोकायला. तो सिनेमा चिखलीच्या टॉकीजला लागला तेव्हा दादानं पाहिला आणि पत्र लिहिलं. तू दिसला, टोपी मोठी होत होती. बस, एवढंच. पुढं पोस्टमन झालो तेव्हा लिहिलं, पत्र देताना तू त्या बाईच्या तोंडाकडं पाहिलंच नाही, आपला पोस्टमन पाहतो. मुंबईत मला तसं कोणी सांगत नव्हतं. दोन मिनिटांच्या माणसाचं काम बघायला वेळ कोणाला असतो? दादाला असायचा. बारा-तेरा वर्षं माझा एकच प्रेक्षक होता आणि तो वांग्याला पाणी देऊन, हातपाय धुऊन, सायकल मारत टॉकीजला जात होता.

माय गेली त्या वर्षी मला पहिल्यांदा नाव असलेलं काम मिळालं होतं. हिरोचा मोठा भाऊ. पाच दिवसांचं काम, त्यातले तीन झाले होते, तेव्हा तार आली. रात्रीची गाडी धरून सकाळी शेगावला उतरलो, खामगावमार्गे चिखली गाठलं आणि तिथून गाव. दादानं मायला माझ्यासाठी दुपारपर्यंत ठेवलं होतं. आमच्याकडे बापाला थोरल्यानं आणि मायला धाकट्यानं अग्नी द्यायचा. बाप आधीच गेला होता, तेव्हा दादानं त्याचं केलं होतं. मायचं माझ्याकडे होतं. मी अग्नी दिला, राख सावडेपर्यंत थांबलो आणि दहाव्याला येतो म्हणून मुंबईला परतलो.

दहाव्याला नदीवर केस द्यायचे असतात. सगळेच मुलगे देतात, पण अग्नी देणारा आधी बसतो. मुंबईत डायरेक्टरनं मला स्वच्छ सांगितलं की दाराबाहेरचा शॉट झालाय आणि दाराच्या आतला अजून व्हायचाय. बाहेर डोक्यावर केस असलेला माणूस आत पाऊल टाकताच टकला झाला तर थिएटरात लोक हसतील. आमच्या धंद्यात याला कंटिन्युइटी म्हणतात. आज शर्टाचं वरचं बटण उघडं असेल तर दोन महिन्यांनीही तेच बटण उघडं लागतं. मी विगचं विचारून पाहिलं. पाच दिवसांच्या माणसाला विग, असं म्हणून तो हसला. केस काढून येणार असशील तर दुसरा माणूस बघतो म्हणाला, आणि दुसरा शोधायला त्याला लांब जावं लागलं नसतं.

गाडीत मी सगळं जुळवून ठेवलं होतं. दादाला बाजूला घ्यायचं, समजावून सांगायचं, काम संपलं की शेगावला जाऊन केस देतो असं म्हणायचं. नदीवर पोचलो तर सगळा गाव उभा होता. मला कोणी बाजूला जाऊ दिलं नाही, आणि मीही जोर केला नाही. दगडावर बसवलं. न्हाव्यानं तांब्यानं डोक्यावर पाणी ओतलं आणि बोटांनी केस भिजवायला लागला. गार पाणी मानेवरून पाठीत उतरलं. त्यानं वस्तरा उघडला आणि मी उठलो.

"बस खाली," दादा म्हणाला.

मी बसलो नाही. ओल्या डोक्यानं तसाच उभा राहिलो. जुळवलेल्यातलं एकही वाक्य तोंडातून निघालं नाही. दादानं पुन्हा सांगितलं नाही. माझ्या जागेवर तो बसला आणि न्हाव्यानं त्याचं डोकं केलं. पिंड ठेवले, कावळाही लगेच शिवला. लोक म्हणाले, म्हातारीचा जीव कशात गुंतला नव्हता. मला वाटलं, कावळ्यानं तरी जरा थांबायला हवं होतं. त्या दिवशी मी रडलो नाही. लाज वाटत होती, आणि परतीची गाडी होती.

दाराच्या आतला तो शॉट नंतर सिनेमात ठेवलाच नाही.

दादानं तेव्हा बोलणं टाकलं नव्हतं, हे मला मुद्दाम सांगायचं आहे. पत्रं येत राहिली, थोडी आखूड झाली इतकंच. केसांचा विषय त्यानं कधी काढला नाही आणि मीही काढला नाही.

दोन वर्षांनी मला एक मोठं काम मिळालं. गरीब घरातला मुलगा, त्याची आई जाते, पुढं सगळी त्याचीच गोष्ट. त्यात मुंडण होतं आणि डायरेक्टरला वस्तऱ्याखाली केस पडताना दाखवायचे होते, एका शॉटमध्ये, खरेखुरे. मला नाही म्हणायचं सुचलंसुद्धा नाही. आज विचार करतो तेव्हा याचंच आश्चर्य वाटतं. मी दोन्ही गोष्टी शेजारी शेजारी ठेवून पाहिल्याच नाहीत. मला काम दिसत होतं.

नदी म्हणून मुंबईबाहेरची एक खाडी धरली होती. न्हावी खरा होता, खाडीकाठच्याच गावातून आणलेला. मेकअपवाला ग्लिसरीनची बाटली घेऊन कडेला उभा होता. न्हाव्यानं डोक्यावर पाणी ओतलं, ते मानेवरून पाठीत उतरलं, आणि मला जो हुंदका फुटला तो माझ्या हातात राहिला नाही. कट म्हणून झालं तरी मी थांबेना. मी मायसाठी रडत होतो, दोन वर्षं उशिरा, खाऱ्या पाण्याच्या काठी, परक्या माणसांत. कॅमेऱ्यामागच्या लोकांनी टाळ्या वाजवल्या. आणि त्या टाळ्या ऐकून मला बरं वाटलं. एवढी एक गोष्ट मी आजवर कोणाजवळ बोललेलो नाही.

त्या एका सीनवर माझी पुढची सगळी वर्षं उभी राहिली. रडायचं असेल तर त्याला बोलवा, असं होऊन गेलं. सिनेमा चिखलीला लागला तेव्हा दादा गेला. हे वहिनीनं पुढं माझ्या बायकोला सांगितलं. परत आल्यावर तो जेवला नाही. दुसऱ्या दिवशी पुन्हा सायकल काढून तोच सिनेमा बघायला गेला. त्या सिनेमाबद्दल मला पत्र आलं नाही. पुढं कशाबद्दलच आलं नाही. मी गावी गेलो की तो मळ्यात निघून जायचा, लग्नकार्यात समोर आलो तर दुसऱ्याच कोणाशी तरी बोलायला लागायचा. खऱ्या मायला केस दिले नाहीत आणि सिनेमातल्या मायला दिले, असं गाव म्हणायचं. त्यात खोटं काय होतं? मी ते ऐकून घ्यायचो आणि परत यायचो. बायको वहिनीला दर दिवाळीला लुगडं पाठवायची, वहिनी तुरीची डाळ पाठवायची. तेवढाच काय तो धागा.

मुंबईत मी मायवर दिवस काढत होतो. डायरेक्टर म्हणाला रड, की मी ते पाणी मानेवरून उतरताना आठवायचो आणि डोळे भरायचे. सिनेमातल्या मुलीच्या पाठवणीला मायच, जप्त झालेल्या दुकानासाठी मायच, एकदा एका मेलेल्या बैलासाठीसुद्धा. आठ-दहा वर्षं पुरली. मग एक दिवस सेटवर पाणी आठवलं, वस्तरा आठवला, दगड आठवला, आणि डोळे कोरडे ते कोरडेच. मी मेकअपवाल्याला हाक मारली. तेव्हापासून ग्लिसरीन. माय त्यानंतर मला तशी कधी आठवली नाही. बायको गेली त्या दिवशी जमलेले लोक चोरून माझ्याकडे बघत होते, हा आता कसा रडतो म्हणून. एक थेंब आला नाही. मुलीला वाटलं, बाबांना धक्का बसलाय. बसलाही असेल.

चिखलीत आल्यावर मला कळलं की बाजाराच्या दिवशी दादा अजून येतो. मुलाच्या टेम्पोत वांगी, मेथी, सांभार म्हणजे कोथिंबीर घालून आणतो, पोतं अंथरून त्यावर बसतो. शेजारी नातसून असते. मी दर आठवड्याला जाऊ लागलो. पुढ्यात उभा राहिलो की दादा मेथीच्या जुड्यांवर पाणी शिंपडायला घेतो. त्यांना काय पाहिजे ते दे, असं नातसुनेला हातानंच खुणावतो आणि खाली बघतो. ती बिचारी डोक्यावर पदर ओढून मला चांगली काटेरी वांगी निवडून देते. मी उगाच भाव विचारतो, मेथी कोवळी आहे का विचारतो, दोन मिनिटं जास्त उभा राहतो. अर्धा किलो वांगी एका माणसाला तीन दिवस पुरतात. उरलेले दिवस खिचडी. मग पुन्हा बाजार.

अशी अडीच वर्षं गेली. गेल्या हिवाळ्यात गावच्या शाळेचे नवे मुख्याध्यापक माझ्या घरी आले. गावचे सुपुत्र म्हणून तुमचा सत्कार करायचा आहे, असं त्यांचं म्हणणं. शाली माझ्याकडे पेटीभर पडल्या आहेत, मी टाळणार होतो. पण ते म्हणाले की तुमच्या मोठ्या भावांनाही शेजारी बसवणार आहोत आणि त्यांनी येतो म्हटलंय. मी लगेच हो म्हणालो. जाता जाता ते म्हणाले, सत्कार झाला की गावाला तुमचा एखादा सिनेमा दाखवू, आमच्याकडे पडदा आहे. कोणता सिनेमा, हे मी विचारलं नाही. ती माझी चूक. माझ्या बाकीच्या सिनेमांत मी दहा-दहा मिनिटांचा, ज्यात पहिल्यापासून शेवटपर्यंत आहे असा एकच, हे मला तरी कळायला हवं होतं. मास्तर बाहेरगावचे. नदीवर काय झालं हे त्यांना कोण सांगणार? ज्यांनी पाहिलं होतं त्यांतले बहुतेक गेले, आणि जे राहिले त्यांना सिनेमा तो सिनेमा.

दुपारची वेळ होती. शाळेतल्या मोठ्या खोलीच्या खिडक्यांना सतरंज्या ठोकून अंधार केला होता. आम्हा दोघांना भगवे फेटे बांधले, शाल-श्रीफळ दिलं, आणि पुढच्या दोन खुर्च्यांवर बसवलं. खुर्च्या इतक्या चिकटून होत्या की दादाचं कोपर माझ्या कोपराला लागत होतं. त्यानं ते काढून घेतलं नाही. त्याच्या अंगाला मळ्याचा वास येत होता, ओल्या मातीचा आणि मेथीचा. मला वाटलं, एवढं झालं तरी पुष्कळ झालं, आता हे असंच चालू द्यावं.

मग पडदा उजळला आणि पहिल्याच चित्रात मी ओळखलं. उठून बंद करा म्हणावं असं फार वाटलं. पण उठणं माझ्याच्यानं झालं नाही. याच माणसासमोर मी एकदा उठलो होतो.

खाडी आली, दगड आला, न्हावी आला. पडद्यावरचा तो एकोणचाळीस वर्षांचा माणूस मला अनोळखी वाटला, माझ्या मुलीच्या वयाचा. त्याच्या डोक्यावर पाणी पडलं. खोलीत बाया पदरानं डोळे पुसायला लागल्या. आणि मी काय पाहत होतो, तर हुंदका माझा हात तोंडाशी जायच्या जरासा आधी आला आणि म्हणून तो चांगला झाला, हे. चाळीस वर्षांनी डोळ्याला तेवढंच दिसतं. दादा पापणी न हलवता बघत होता. सीन संपल्यावर लोकांनी टाळ्या वाजवल्या. त्याचे हात मांडीवरच होते.

सिनेमा संपला, सतरंज्या निघाल्या, मास्तर खूश होते. मी एसटीची वेळ विचारत होतो, तोच दादा फाटकापाशी थांबलेला दिसला. डोक्याला फेटा तसाच.

"चाल घरी," तो म्हणाला. "च्या पिऊन जाय."

आवाज बारीक झाला होता. मला तो लगेच ओळखू आला नाही. पस्तीस वर्षांपूर्वीचा आवाज मी मनात धरून बसलो होतो आणि इकडे तो म्हातारा होऊन गेला होता. आम्ही घरापर्यंत चालत गेलो, तो पुढं, मी मागं.  मला बोलण्याची काही घाई नव्हती. नुसतं त्याच्या मागून चालताना इतका आनंद झाला होता की पाय कुठं पडतायत ते कळत नव्हतं.

अंगणात बाज टाकलेली होती. वहिनीनं चहा आणून दिला, माझ्याकडे बघून डोळे पुसले आणि आत गेली. दादानं फेटा सोडला, मांडीवर घेतला, सगळा उलगडला आणि सावकाश घड्या घालायला लागला. चहा संपेपर्यंत त्याचं तेच चाललं होतं.

"एक सांग मले," तो घडीकडे बघत म्हणाला. "लोकायले वाटते केसापायी मी बोलनं सोडलं. केसाचं काय, केस परत येतात. तो सिनेमा मी तवा तीनदा पाह्यला. मले कळलंच नाही. तू तिथं जो रडला, तो कोनासाठी रडला?"

रागानं विचारलेलं नव्हतं. त्याला खरंच हवं होतं ते. माणूस एकच सिनेमा, वहिनीला ठाऊक होतं त्याहूनही एकदा जास्त, तीनदा बघायला सायकल मारत गेला तो एवढ्यासाठी, की त्या रडण्यात आपली माय कुठं दिसते का. आणि दिसली की नाही हे न कळल्यामुळे गप्प झाला, तो गप्पच राहिला. पेपरवाल्यांनी हाच प्रश्न मला शंभरदा विचारला असेल. प्रत्येकाला मी निराळी गोष्ट सांगितली. खरं उत्तर ज्याचं होतं तो पहिल्यांदा विचारत होता.

"मायसाठीच, दादा," मी म्हणालो. "त्या दिशी नदीवर रडता नाही आलं मले. तिथं आलं."

यातला एक शब्द खोटा नव्हता. पण बोलताना माझं मलाच ऐकू येत होतं. "तिथं आलं" म्हणायच्या आधी मी थांबलो होतो, जिथं थांबायचं असतं नेमका तिथं. आवाज खाली आणला होता. शेवटचा शब्द अर्धा सोडला होता. ठरवून काही केलं नव्हतं, पण इतक्या वर्षांत याहून वेगळं बोलणं माझ्याजवळ राहिलेलंच नव्हतं. घरची बोलीसुद्धा कोणी शिकवल्यासारखी आली.

दादानं मान वर केली. शाळेत पडद्याकडे बघत होता तसाच तो माझ्याकडे बघत राहिला.

"हाव," तो म्हणाला. "बोलतं तं तू चांगलंच."

टोमणा नव्हता तो. टोमणा असता तर बरं झालं असतं, मी भांडलो असतो, रडलोही असतो कदाचित. त्यानं ते कौतुकानं म्हटलं, जुन्या पत्रांत लिहायचा तसं, काम पाहून आलेल्या माणसासारखं. मग लाईन, म्हणजे वीज, आली म्हणून पाण्याची मोटार चालू करायला मळ्याकडे गेला. जाताना, ये मंग, असंही म्हणाला. वहिनीनं तुरीच्या शेंगांची पिशवी भरून दिली आणि मी फाट्यावर येऊन उभा राहिलो.

एसटीत खिडकीची जागा मिळाली. चिखली येईपर्यंत मी मायसाठीच, दादा, हे माझं वाक्य मनात म्हणून बघत होतो. मधे न थांबता म्हटलं. भरभर म्हटलं. बाजारात भाव विचारावा तसं कोरडं म्हटलं. दादाच्या जागी बसून ऐकलं, तर प्रत्येक वेळी ते मलाही पाठ केलेलंच वाटलं.